निवडुंग ओळखावा काट्याच्या मुळाशी

हिंगोली जिल्ह्यातील कयाधू नदीकाठचे नरसी हे गाव संत नामदेवांचे जन्मस्थान म्हणून महाराष्ट्राला आणि पंजाबलाही परिचित आहे. नामदेवांविषयी एक कथा वारकरी परंपरेत आवर्जून सांगितली जाते. तेर येथे संतमंडळी जमली असता गोरोबाकाकांनी मडकी घडविण्याचे थापटणे हाती घेतले आणि ते एकेकाच्या मस्तकावर मारून पाहिले. इतर संत स्वस्थ राहिले, नामदेवांना मात्र राग आला, आणि 'हे मडके अजून कच्चे आहे' असा निर्वाळा गोरोबांनी दिला. कथेतील आध्यात्मिक अर्थ क्षणभर बाजूस ठेवला, तरी कुंभाराच्या व्यवसायातील एक साधे सत्य तिच्यात उरतेच. नीट भाजलेले आणि अर्धवट भाजलेले मडके दिसायला सारखे असू शकते. फरक कळायचा तर नेमके कोठे आणि कसे तपासायचे, हे ठाऊक असावे लागते.

मराठवाड्याच्या मुरमाड माळांवर, शेताच्या बांधांवर आणि गावकुसाला उभ्या असलेल्या निवडुंगाच्या बाबतीत हीच गोष्ट खरी आहे. हिरवे, मांसल, काटेरी आणि खांबासारखे सरळ वाढणारे असे काही दिसले की आपण 'निवडुंग' म्हणतो. शहरात तेच कुंडीत दिसले की 'कॅक्टस' म्हणतो. हे दोन्ही शब्द आपण एकमेकांच्या जागी सहज वापरतो. परंतु बांधावरचा निवडुंग आणि दुकानातला कॅक्टस बहुधा एका कुळातलेही नसतात. त्यांतला एक कापला तर निरुपद्रवी पाणी येते, दुसरा कापला तर डोळ्यांना इजा करणारा चीक येतो. म्हणून हा भेद केवळ वनस्पतिशास्त्राच्या अभ्यासकांपुरता नाही. बाल्कनीत दोन कुंड्या ठेवणाऱ्यालाही तो कळायला हवा.

दोन घराणी, एकच वेष

कॅक्टस हे वनस्पतींचे एक स्वतंत्र कुल आहे. त्यात सुमारे दीड हजारांहून अधिक जाती असून त्या सर्वांचे मूळ स्थान अमेरिका खंड हे आहे. अपवाद एकच, झाडांवर लोंबणारी ऱ्हिप्सॅलिस ही जात. ती आफ्रिका, मादागास्कर आणि श्रीलंकेतही नैसर्गिकरीत्या आढळते. भारताच्या कोरड्या माळावर मुळापासूनचा रहिवासी असा एकही खांबासारखा कॅक्टस नाही.

आपल्याकडील उभे निवडुंग हे युफोर्बिया या प्रजातीतले, म्हणजे एरंडाच्या कुळातले आहेत. एरंड, मोगली एरंड, ख्रिसमसच्या सुमारास लाल होणारी पॉइन्सेटिया आणि ब्राझीलचे रबराचे झाड ही सारी त्यांची भावकी. युफोर्बियाच्या सुमारे दोन हजार जाती जगभर पसरल्या आहेत. त्यांपैकी काही आपल्या पायाखालच्या दुधीसारख्या इवल्या आहेत, तर काही वृक्षाएवढ्या उंच.

मग या दोन परक्या घराण्यांचा वेष एकच कसा? उत्तर पाण्याच्या टंचाईत आहे. पानांतून पाणी उडून जाते, म्हणून दोघांनीही पाने कमी केली किंवा टाकून दिली. अन्न तयार करण्याचे काम हिरव्या खोडाने उचलले. पाणी साठवायचे म्हणून खोड फुगीर झाले आणि साठा वाढला-घटला तरी साल फाटू नये म्हणून त्यावर उभ्या धारा आल्या. पेटीचा भाता जसा उघडतो-मिटतो, तसे हे खोड पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसते. त्वचेवरील रंध्रे दिवसा मिटून रात्री उघडण्याची रीतही दोघांनी वेगवेगळी, स्वतंत्रपणे साधली. साठवलेल्या पाण्यावर जनावरांचा डोळा असतो, म्हणून काटे आले. शास्त्रज्ञ याला समाभिसारी उत्क्रांती म्हणतात. एकाच संकटाला तोंड देता देता परस्परांशी नाते नसलेले दोन जीव एकमेकांसारखे दिसू लागतात.

काटा कोठून उगवतो?

या दोघांत फरक करण्याची सर्वांत सोपी आणि सुरक्षित कसोटी म्हणजे काट्याचे मूळ पाहणे. त्यासाठी काही कापावे लागत नाही.

कॅक्टसचे काटे एका लहानशा, बहुधा लवदार किंवा लोकरीसारख्या गादीतून निघतात. इंग्रजीत तिला 'अरिओल' म्हणतात. आपण तिला काटेगादी म्हणू. खरे तर ती एक खुंटलेली फांदीच असते. म्हणूनच एका गादीतून काट्यांचा झुपका निघतो, आणि कॅक्टसचे फूल व नवी फांदीही तेथूनच फुटते. गादी असेल तर तो कॅक्टस, हा नियम पक्का आहे.

आपल्याकडील उभ्या युफोर्बियांना अशी गादी नसते. त्यांचे काटे जोडीने येतात. खोडाच्या धारेवर किंवा उंचवट्यावर, पान जेथे फुटते किंवा गळून गेलेले असते तेथे, इंग्रजी 'व्ही' अक्षरासारखे दोन आखूड काटे दिसतात. पानाच्या देठाशी असणाऱ्या उपपर्णांचे हे रूपांतर आहे. थोडक्यात, झुपका आणि गादी दिसली तर कॅक्टस. गादीविना जोडी दिसली तर युफोर्बिया.

दुसरी कसोटी चिकाची. युफोर्बियाला जरासा धक्का लागला तरी दुधासारखा पांढरा चीक ओघळतो. उभ्या कॅक्टसमधून स्वच्छ, पाणचट किंवा बुळबुळीत रस येतो. काही गोलाकार कॅक्टसना दुधी चीक असतो, त्यामुळे ही कसोटी पूर्णतः निर्णायक नाही. शिवाय चीक पाहण्यासाठी मुद्दाम खोड कापणे शहाणपणाचे नाही. त्याचे कारण पुढे येईलच.

तिसरी कसोटी फुलाची. उभ्या कॅक्टसची फुले ठसठशीत आणि पुष्कळदा वीतभर असतात. त्यांच्या पाकळ्या अनेक, पुंकेसर असंख्य, आणि कित्येक जातींत फूल रात्री उमलून सकाळी मिटते. युफोर्बियाचे 'फूल' हिरवट, पिवळट किंवा तांबूस रंगाचे, वाटाण्याएवढे असते. ते एक फूल नसून अनेक सूक्ष्म फुलांचा प्याल्यासारखा गुच्छ असतो.

बांधावरची भावंडे

कॅक्टस बाजूला काढल्यावरही प्रश्न संपत नाही. आपले देशी उभे निवडुंग आपसांतही एकमेकांसारखे दिसतात, आणि त्यांची लोकभाषेतील नावे गावागणिक बदलतात. त्यामुळे नावापेक्षा खोडाच्या आकारावर भिस्त ठेवणे बरे.

त्रिधारी निवडुंग, म्हणजे युफोर्बिया अँटिकोरम, ओळखायला सर्वांत सोपा. त्याच्या फांद्यांना तीन, क्वचित चार-पाच, पंखासारख्या पातळ धारा असतात. धारांची कड नागमोडी असते आणि फांदीवर ठिकठिकाणी कांड्यांसारख्या चिमटी दिसतात. पाने इतकी लहान आणि अल्पायुषी असतात की ती पाहिल्याचे बहुतेकांना आठवत नाही.

स्नुही किंवा सेहुंड, म्हणजे युफोर्बिया नेरीफोलिया, याच्या फांदीवर धारा स्पष्ट नसतात. त्याऐवजी काट्यांची जोडी धारण करणारे उंचवटे पाच रांगांत असतात आणि या रांगा फांदीभोवती किंचित पीळ घेत वर जातात. फांद्यांच्या टोकाला जाड, मांसल, लांबट पाने येतात. कण्हेरीसारख्या पानांचा म्हणून लिनियसने त्याला हे नाव दिले. पावसाळ्यात हा निवडुंग पानांनी भरलेला दिसतो आणि उन्हाळ्यात निष्पर्ण खांब होऊन उभा राहतो. एकाच झाडाला दोन ऋतूंत पाहणारा माणूस ती दोन वेगळी झाडे समजू शकतो.

युफोर्बिया निव्यूलिया हा स्नुहीचा जवळचा जोडीदार, आणि सर्वाधिक घोटाळा होतो तो या दोघांत. दोघांनाही मोठी पाने, दोघांनाही काट्यांची जोडी. फरक पाहायचा तो कोवळ्या फांदीवर. निव्यूलियाची फांदी जवळजवळ गोल असते. बोट फिरवल्यास पाच रांगांचा पीळ जाणवत नाही. त्याची पानेही सामान्यतः अधिक लांब असतात. अर्थात हे पाहायचे ते डोळ्यांनी किंवा हातमोजा घालून; उघड्या बोटाने काट्यांची परीक्षा घेण्याचे कारण नाही.

चौथा युफोर्बिया कॅड्युसिफोलिया. राजस्थान आणि गुजरातच्या खडकाळ टेकड्यांवर तो 'थोर' या नावाने जागोजागी दिसतो. हा एका बुंध्याचे झाड होत नाही. जमिनीलगतच अनेक फांद्या फुटून त्याचा प्रचंड गोलाकार गड्डा तयार होतो. पाने लवकर गळतात. त्याच्या शास्त्रीय नावाचा अर्थच तो आहे. त्याला दुरून झाडाच्या ठेवणीवरून ओळखावे, मग जवळ जाऊन खात्री करावी.

यांच्याच पंक्तीला बसविला जाणारा शेर, म्हणजे युफोर्बिया तिरुकल्ली, मात्र वेगळा काढणे अवघड नाही. पेन्सिलीएवढ्या गोल, गुळगुळीत, बिनकाट्याच्या फांद्या ही त्याची खूण. तो मूळचा आफ्रिकेचा, पण कुंपणाच्या निमित्ताने इतका रुळला की १७व्या शतकात केरळात सिद्ध झालेल्या 'हॉर्टस मलबारिकस' या ग्रंथातील मल्याळी नावच पुढे त्याचे शास्त्रीय नाव झाले.

घायपात आणि कोरफड यांचीही कॅक्टसमध्ये गणना करण्याची चूक होते. त्यांच्यात मांसल असते ते पान, खोड नव्हे. एवढे लक्षात ठेवले तरी पुरे.

कुंडीतले पाहुणे

आता शहराकडे वळू. रोपवाटिकांत 'कॅक्टस' या पाटीखाली तीन धारांचे एक उभे रोप हमखास असते. त्याला धारांवर छोटी पाने आणि खोडावर फिकट ठिपक्यांची नक्षी असेल, तर ते बहुधा युफोर्बिया ट्रायगोना, म्हणजे त्रिधारीचा चुलतभाऊ. पाने नसून खोडाच्या मध्यभागी दुधाळ हिरवा पट्टा असेल, तर युफोर्बिया लॅक्टिया. दोन्हीही कॅक्टस नव्हेत आणि दोघांच्याही अंगात चीक आहे.

खरे उभे कॅक्टस पाहायचे तर बंगल्यांच्या आवारात आणि जुन्या बागांत निळसर हिरव्या रंगाचे, पुरुषभर किंवा त्याहून उंच वाढलेले 'सिरीयस' पाहावेत. ते 'सिरीयस पेरुव्हिएनस' या नावाने विकले जातात. या एकाच नावाखाली प्रत्यक्षात निरनिराळ्या जाती खपविल्या जातात. पाच ते आठ धारा, निळसर झाक आणि त्यामानाने आखूड काटे असतील, तर रोप बहुधा दक्षिण ब्राझील-उरुग्वेकडील सिरीयस हिल्डमॅनिएनस असते. काही रोपांना काटे जवळजवळ नसतातच. धारांची संख्या नऊ-दहाच्या घरात गेली आणि फूल त्यामानाने लहान असले, तर कॅरिबियन किनाऱ्याकडील सिरीयस रेपँडसचा संशय घ्यावा. जाड बुंधा, मोजक्या पण खोल धारा आणि लांबलचक, भक्कम काटे असतील, तर ईशान्य ब्राझीलचा सिरीयस जमाकारू.

अशा जातींत केवळ धारा मोजून निर्णय देणे धोक्याचे असते, कारण एकाच झाडाच्या कोवळ्या आणि जुन्या भागांवरील धारांची संख्याही वेगळी असू शकते. जाणकार म्हणून फुलाची वाट पाहतात. फूल उमलले की त्याच्या पाकळ्यांकडे न पाहता मागची नळी पाहावी. ती गुळगुळीत असेल तर सिरीयस. तीवर दाट केस असतील तर दक्षिण अमेरिकेच्या अँडीज पर्वतरांगांतील 'सॅन पेद्रो' आणि त्याचे नातेवाईक. तीवर हिरवी, पानासारखी मोठी खवले असतील तर ड्रॅगन फ्रूट.

ज्या मुलुखात कॅक्टसची अरण्येच आहेत, तेथेही हा घोटाळा चुकलेला नाही. इंग्रजी काउबॉय चित्रपटांत दिसणारा, दोन हात वर केलेला सग्वारो हा ॲरिझोना आणि मेक्सिकोच्या सोनोरा वाळवंटाचा रहिवासी. त्याच वाळवंटाच्या मेक्सिकोकडील भागात कार्दोन नावाचा त्याहूनही धिप्पाड कॅक्टस वाढतो. नवखा माणूस दोघांना एकच समजतो. पण कार्दोनच्या फांद्या बुंध्याच्या बऱ्याच खालून फुटतात आणि त्याच्या धारा संख्येने कमी व खोल असतात. सग्वारोचा पहिला हात फुटायलाच पन्नास-पाऊणशे किंवा त्याहून अधिक वर्षे लागतात, आणि तो बराच वर फुटतो.

ड्रॅगन फ्रूटचा उल्लेख आलाच आहे, तर त्याविषयी थोडे अधिक. हा मध्य अमेरिकेकडून आलेला वेलवर्गीय कॅक्टस आता महाराष्ट्राच्या अवर्षणग्रस्त भागांत खांबांवर चढवून लावला जातो. त्याचेही खोड तीन धारांचे, त्यामुळे आमच्या त्रिधारीशी त्याचे साम्य मोठे आहे. पण धारेवर पाहिले की लहान गाद्या व त्यांतून निघालेले इवले काटे दिसतात, खोडाला आधार धरणारी हवाई मुळे असतात, आणि चीक नसतो. त्याचे शास्त्रीय नाव पूर्वी 'हायलोसिरीयस' होते. २०१७ साली जनुकीय अभ्यासाच्या आधारे त्याला 'सेलेनिसिरीयस' या प्रजातीत हलविण्यात आले. मराठी घरांत 'ब्रह्मकमळ' म्हणून मध्यरात्री ज्याच्या फुलाची पूजा होते, तोही एक चपट्या खोडाचा कॅक्टसच. हिमालयातील खरे ब्रह्मकमळ सूर्यफुलाच्या कुळातले आहे.

किड्याला कळले ते माणसाला कळले नाही

निवडुंगांतील भेद न ओळखल्याची किंमत किती मोठी असू शकते, याचा धडा भारताच्या इतिहासातच आहे. तो उभ्या निवडुंगाचा नसून चपट्या, पंजासारख्या कांड्यांच्या फड्या निवडुंगाचा, म्हणजे ओपन्शियाचा आहे. परंतु येथे तो सांगितल्यावाचून राहवत नाही.

फड्या निवडुंग हा खरा कॅक्टस, अमेरिकेतून आणलेला. त्यावर वाढणाऱ्या कोचिनील नावाच्या किड्यापासून गर्द किरमिजी रंग मिळतो. त्या रंगावर स्पेनचा ताबा होता आणि ईस्ट इंडिया कंपनीला तो मोडायचा होता. १७९५ साली कंपनीच्या एका कप्तानाने ब्राझीलमधून हा किडा भारतात आणला. पण उत्तम रंग देणारी जात डॅक्टिलोपियस कॉकस. आणली गेली ती डॅक्टिलोपियस सिलोनिकस ही हलक्या प्रतीची. दोन्ही किडे वरवर सारखेच. रंगाचा व्यवसाय काही बहरला नाही.

या चुकीतून मात्र एक अनपेक्षित गोष्ट निष्पन्न झाली. तो किडा ओपन्शिया मोनाकँथा या जातीच्या फड्या निवडुंगावर तुटून पडला आणि त्याने तो ठिकठिकाणी नष्ट केला. रानटी निवडुंगाचा असा परस्पर बंदोबस्त झालेला पाहून १९व्या शतकात त्याच किड्याला दक्षिण भारतात आणि श्रीलंकेत मुद्दाम नेण्यात आले. तणाच्या जैविक नियंत्रणाचे हे जगातील सर्वांत जुने उदाहरण मानले जाते.

तथापि दुसऱ्या जातीच्या फड्या निवडुंगापुढे, ओपन्शिया डिलेनीपुढे, तो किडा निष्प्रभ ठरला. माणसाच्या डोळ्याला दोन्ही निवडुंग सारखेच उपद्रवी आणि सारखेच काटेरी दिसत होते; किड्याला ते सारखे वाटले नाहीत. शेवटी उत्तर अमेरिकेतील डॅक्टिलोपियस ओपन्शिये ही वेगळी जात १९२६ साली श्रीलंकेमार्गे भारतात आणावी लागली. तिने तो निवडुंग आटोक्यात आणला.

हीच कसोटी रोपवाटिकेतले माळीही नकळत लावत असतात. लाल-पिवळा गोळा हिरव्या त्रिकोणी दांड्यावर बसविलेला 'मून कॅक्टस' सर्वांनी पाहिला असेल. त्या रंगीत गोळ्यात हरितद्रव्य नसल्याने तो स्वतःचे अन्न करू शकत नाही. खालचा दांडा त्याला पोसतो, आणि तो दांडा सामान्यतः ड्रॅगन फ्रूटचा असतो. त्याच फळीवर पंख्यासारखा वळ्यावळ्यांचा 'कोरल कॅक्टस' असतो. त्याचा वरचा भाग युफोर्बिया लॅक्टियाचा आणि खालचा खुंट बहुधा आपल्या बांधावरच्या स्नुहीचा! कॅक्टसचे कलम कॅक्टसवर बसते, युफोर्बियाचे युफोर्बियावर. या दोघांचे परस्परांवर बसत नाही. बाहेरचा वेष कितीही जुळला तरी आतला रस जुळत नाही.

नावांतील चुका

शास्त्रीय नाव म्हणजे अखेरचा शब्द, असा आपला समज असतो. येथे तोही सावधपणे घ्यावा लागतो. त्रिधारीच्या 'अँटिकोरम' या नावाचा अर्थ 'प्राचीनांचा'. ग्रीक-रोमन वैद्यांचे 'युफोर्बियम' हे औषध याच झाडाचे, असे लिनियसला वाटले होते. प्रत्यक्षात ते मोरोक्कोतील दुसऱ्याच जातीपासून मिळत असे. 'पेरुव्हिएनस' पेरूचा नाही. 'सिलोनिकस' हा किडा सिलोनमध्ये, म्हणजे श्रीलंकेत, नोंदला गेला, पण मूळचा दक्षिण अमेरिकेचा. आणि ज्याची फळे भूमध्य समुद्राकाठी आवडीने खाल्ली जातात, त्या 'ओपन्शिया फायकस-इंडिका'च्या नावात भारत असला तरी त्याचे मूळ मेक्सिकोत आहे. या चारही चुकांमागे एकच कारण दिसते: सारखे दिसते ते एकच, किंवा जेथे सापडले तेथलेच, असे गृहीत धरणे.

ओळख चुकली तर?

आयुर्वेदाने हा प्रश्न फार पूर्वी ओळखला होता. चरकसंहितेच्या कल्पस्थानात स्नुहीचे अल्प काट्यांची आणि पुष्कळ काट्यांची असे दोन प्रकार सांगून पुष्कळ काट्यांची श्रेष्ठ मानली आहे. चीक किती वर्षांच्या झाडाचा आणि कोणत्या ऋतूत घ्यावा, हेही तेथे दिले आहे. काट्यांची गणती करण्याइतकी दक्षता घेतली गेली, याचे कारण औषध अत्यंत तीक्ष्ण आहे. स्नुही हे जहाल विरेचक आहे. औषधे आणि सौंदर्यप्रसाधने नियमावलीच्या ज्या परिशिष्टात आयुर्वेदातील विषारी द्रव्यांची यादी आहे, त्यात वत्सनाभ, धोत्रा आणि कुचला यांच्याबरोबर स्नुहीचेही नाव आहे.

भगंदरावरील क्षारसूत्र चिकित्सेत हाच चीक वापरला जातो. सुती दोऱ्यावर स्नुहीचा चीक, आघाड्याचा क्षार आणि हळद यांचे मिळून २१ लेप देऊन हे सूत्र तयार होते. बनारस हिंदू विद्यापीठात १९६०च्या दशकात या चिकित्सेचे पुनरुज्जीवन झाले आणि आज ती देशभर रूढ आहे. दोऱ्याची परिणामकारकता चिकावर अवलंबून. चीक कोणत्या झाडाचा, यावर त्याचे गुण अवलंबून. स्नुहीऐवजी निव्यूलियाचा किंवा त्रिधारीचा चीक आला, तर ते प्रमाणित औषध राहत नाही. म्हणून औषधी वनस्पती गोळा करणाऱ्याला पाच पिळदार रांगा आणि गोल फांदी यांतला फरक कळणे अगत्याचे आहे. घरगुती उपाय म्हणून हा चीक पोटात घेणे किंवा जखमेवर लावणे तर सर्वथा वर्ज्य समजावे.

शहरातील वाचकाच्या दृष्टीने अधिक निकटचा धोका डोळ्यांचा आहे. युफोर्बियाच्या चिकातील द्रव्ये त्वचेवर फोड आणतात आणि डोळ्यात गेल्यास नेत्रपटलाला गंभीर इजा करू शकतात. सुरुवातीला किरकोळ वाटणारी जळजळ काही तासांत वाढत जाते. 'कॅक्टस आहे, काटे सांभाळले की झाले' असे समजून छाटणी करणारा माणूस नेमका येथे फसतो. काट्यांपासून हात वाचवतो आणि त्याच हाताने घाम पुसतो. अशा वेळी डोळा ताबडतोब स्वच्छ वाहत्या पाण्याने किमान १५ ते २० मिनिटे धुवावा आणि विलंब न करता नेत्रतज्ज्ञांकडे जावे. शक्य असल्यास झाडाची फांदी किंवा छायाचित्र सोबत न्यावे.

पाहण्याचा क्रम

तेव्हा पुढच्या वेळी उभा निवडुंग दिसला, तर त्याकडे एका ठरावीक क्रमाने पाहावे. आधी काट्याचे मूळ: गादी की जोडी? जोडी असेल तर फांदीचा आकार: तीन पंख, पाच पिळदार रांगा की गोल? मग पाने: आहेत का, कोठे, आणि ऋतू कोणता? त्यानंतर झाडाची ठेवण: एक बुंधा की जमिनीपासून गड्डा? गादी असेल तर धारा मोजाव्यात, काट्यांची लांबी पाहावी, आणि निर्णय मात्र फुलाच्या नळीपर्यंत राखून ठेवावा. नवे रोप विकत घेतल्यास दुकानदाराने दिलेले नाव चिठ्ठीवर पेन्सिलीने लिहावे. पहिले फूल आल्यावर ते खोडावे लागण्याचा संभव असतो. शिवाय जवळजवळ सर्व कॅक्टस आणि खांबासारखे मांसल युफोर्बिया वन्य प्रजातींच्या व्यापाराविषयीच्या 'साइटिस' या आंतरराष्ट्रीय कराराच्या कक्षेत येतात. परदेशातून रोप खिशात घालून आणण्याची हौस म्हणूनच महागात पडू शकते.

निवडुंगाची वई हे एकेकाळी गावाकडचे फुकटचे कुंपण होते. फांदी तोडून खोचली की ती जगायची, जनावरे तोंड लावत नसत आणि पाणी घालावे लागत नसे. तारेचे कुंपण आले तशा अनेक ठिकाणच्या वया गेल्या. जेथे त्या उरल्या आहेत, तेथे एकाच बांधावर तीन-तीन जाती शेजारी उभ्या असू शकतात आणि आपण त्या साऱ्यांना एकच नाव देऊन पुढे जातो. नरसीला नामदेवांच्या दर्शनाला जाणाऱ्या वाटसरूने वाटेत असा बांध दिसला, तर घटकाभर थांबावे. गोरोबाकाकांच्या थापटण्याची येथे गरज नाही. हात मागे बांधून, काट्याच्या मुळाशी नजर नेली तरी पुरे.